दुकानाच्या नावाचं क्रेडिट कार्ड बंद करायचंय, सिबिल न बिघडवता

रानजाई :
नमस्कार मंडळी. कपड्यांच्या एका साखळी दुकानाचं को-ब्रँडेड क्रेडिट कार्ड बंद करायचं आहे. आकडे आधीच देते, म्हणजे उत्तर देणाऱ्याला अंदाज बांधावा लागणार नाही.

एकूण तीन कार्डं. पहिलं २०१६ चं, मर्यादा दीड लाख. दुसरं २०१९ चं, मर्यादा एक लाख. तिसरं हे दुकानाचं, २०२१ चं, मर्यादा दीड लाख. तिन्ही वेगवेगळ्या बँकांची. तिन्हींवर मिळून महिन्याला ६० हजारांच्या आसपास बिल येतं आणि ते पूर्ण भरलं जातं, कधी थकलेलं नाही. शिवाय दुकानाच्या कार्डावर फ्रिजचा ईएमआय चालू आहे. हप्ता ४,१२६ रुपये, चार बाकी, शिल्लक मुद्दल १६,०००, व्याज वार्षिक १५ टक्के. कार्डाची वार्षिक फी ४९९ अधिक जीएसटी, ती नोव्हेंबरात लागेल. आत्ता सप्टेंबर संपत आलाय. मार्चमध्ये गृहकर्जाचा अर्ज करायचा आहे. सिबिल स्कोअर (कर्ज-बिलं कशी फेडली यावरून मिळणारे गुण) ७८२.

तीन प्रश्न. बंद केल्यावर स्कोअर किती पडेल? नेमकं कधी बंद करावं? आणि दुकानाच्या काउंटरवर सांगतात की "कार्ड इथे जमा करा, आम्ही बंद करून टाकू", ते ग्राह्य धरायचं का?

हिशेबनीस :
@रानजाई, शेवटच्या प्रश्नापासून सुरुवात करतो, कारण तिथेच सगळ्यात जास्त लोक फसतात. कार्डावर दुकानाचं नाव मोठं असलं तरी ते देणारी बँक असते. अमेझॉन पे आयसीआयसीआयचं, फ्लिपकार्ट अ‍ॅक्सिसचं, टाटा न्यू एचडीएफसीचं, रिलायन्स एसबीआय कार्डचं, तसंच तुमचंही कुठल्या तरी बँकेचं आहे. रिझर्व्ह बँकेच्या नियमांत को-ब्रँडिंग भागीदाराचं काम कार्डाचा प्रचार आणि वितरण करणं आणि आपल्या मालावर सवलती देणं, इतकंच आहे. खातं उघडणं, बंद करणं, सिबिलला कळवणं हे सगळं बँकेचं. काउंटरवर प्लास्टिक जमा केलंत तर प्लास्टिक जाईल, खातं चालूच राहील, नोव्हेंबरात फी लागेल, आणि ते बिल तुम्ही बघितलं नाहीत तर थकबाकीची नोंद होईल. कार्ड दुकानात देऊ नका.

आता स्कोअर. किती अंकांनी पडेल हे कुणीही सांगू शकत नाही, कारण सिबिलचं सूत्र जाहीर नाही. "२० अंक जातात", "५० जातात" असं छातीठोक सांगणाऱ्यावर विसंबू नका. पण कशामुळे हलतो ते माहीत आहे. कार्ड बंद केल्यावर मुख्यतः दोन गोष्टी बदलतात : तुमच्या नावावरची एकूण मर्यादा कमी होते, आणि पुढे कधीतरी चालू खात्यांचं सरासरी वय बदलतं.

मर्यादेचं गणित तुमच्या आकड्यांवर मांडू. आज मर्यादा एकूण ४ लाख. वापर ६० हजारांचं बिल आणि ईएमआयचं १६ हजार मुद्दल, म्हणजे ७६ हजार. (ईएमआयचं न फिटलेलं मुद्दलही मर्यादा अडवून बसतं, लोक हे विसरतात.) ७६ हजार भागिले ४ लाख म्हणजे १९ टक्के. कार्ड बंद करून ईएमआयही संपवलात तर ६० हजार भागिले अडीच लाख, म्हणजे २४ टक्के. ३० टक्क्यांच्या आत राहा असं जे म्हणतात त्या सुमारात तुम्ही आरामात आहात. ३० ही काही कड्याची धार नव्हे, ३१ झाले म्हणून कोसळत नाही. पण जितकं खाली तितकं बरं.

एक मात्र बघा. हे ६० हजार उरलेल्या दोन कार्डांवर कसे वाटले जातील? दुकानाच्या कार्डावरचा सगळा खर्च एक लाखाच्या कार्डावर गेला आणि त्यावर ४५ हजार आले, तर एकूण २४ टक्के असूनही त्या एका कार्डाचा वापर ४५ टक्के दिसेल. सिबिलचा अहवाल (तुमच्या कर्ज-कार्डांच्या नोंदी) वाचणारा बँकेचा माणूस एकेक कार्डही बघतो. दीड लाखाच्या कार्डावर ३६ हजार आणि एक लाखाच्या कार्डावर २४ हजार, असा खर्च विभागलात तर दोन्हीकडे बरोबर २४ टक्के येतात.

वयाचं म्हणाल तर तुमचं सगळ्यात जुनं खातं २०१६ चं, ते राहतंच आहे. दुकानाचं खातं बंद झालं म्हणून अहवालातून पुसलंही जात नाही. सिबिलसारख्या क्रेडिट माहिती कंपन्यांना नोंदी किमान सात वर्षं ठेवाव्या लागतात. वेळेवर भरलेले हप्ते तिथे दिसत राहतील, फक्त खात्यापुढे "बंद" आणि तारीख येईल. हेच दुकानाचं कार्ड तुमचं पहिलं, सगळ्यात जुनं असतं, तर मी म्हटलं असतं थांबा, आधी बँकेला बिनफीच्या प्रकारात बदलून मागा.

आता कधी. तुमच्यापुढे तीन तारखा आहेत आणि त्या एकमेकींना छेद देतात. फी नोव्हेंबरात, ईएमआय जानेवारीत संपणार, अर्ज मार्चमध्ये. ईएमआय संपेपर्यंत थांबलात तर फी ४९९ अधिक १८ टक्के जीएसटी, म्हणजे ५८८ रुपये ८२ पैसे जातील, आणि बंद होणार फेब्रुवारीत, म्हणजे गृहकर्जाच्या तोंडावर. हे नको. अर्जाआधीच्या दोन-तीन महिन्यांत कार्डांची रचना हलवूच नये. बँकेने काढलेल्या अहवालात खातं अर्धवट बंद दिसलं की प्रश्न विचारतात, पत्रं मागतात.

म्हणून ऑक्टोबरात ईएमआय मुदतीआधी फेडून बंद करा. त्याचा खर्च बघू. बऱ्याच बँका मुदतपूर्व फेडीला शिल्लक मुद्दलाच्या ३ टक्के घेतात, तुमच्या बँकेचा दर विचारून घ्या. ३ टक्के धरले तर ४८० आणि जीएसटी ८६ रुपये ४० पैसे, मिळून ५६६ रुपये ४० पैसे. उलट बाजूला उरलेल्या चार हप्त्यांतलं व्याज साधारण ५०३ आणि त्यावरचा जीएसटी ९१ वाचतो, म्हणजे ५९४ च्या आसपास. दोन्ही जवळपास फिटतात, आणि वार्षिक फी वाचते ती वर. थांबण्यात काहीच फायदा नाही.

गृहकर्जाला याचा आणखी एक फायदा आहे. पात्रता काढताना बँक चालू हप्ते उत्पन्नातून वजा करते. ४,१२६ चा हप्ता अहवालातून गेला की तेवढी जागा मोकळी. काही बँका कार्डांवरच्या थकबाकीच्या ५ टक्के रक्कमही महिन्याचा बोजा धरतात, त्यामुळे फेब्रुवारी-मार्चमध्ये राहिलेल्या दोन कार्डांची बाकीही खाली ठेवा. १ जानेवारी २०२५ पासून बँकांना किमान पंधरवड्याला माहिती पाठवावी लागते, १५ तारखेची आणि महिनाअखेरची. बिल १२ ला तयार होत असेल आणि तुम्ही पुढच्या महिन्याच्या १ ला भरत असाल, तर १५ ला पूर्ण बाकी दिसणार, महिनाअखेरीसही दिसणार. त्या दोन महिन्यांत बिलाची वाट न बघता १० तारखेच्या आत भरून टाकत जा.

काटकसर :
हिशेबनीस यांच्याशी सहमत. स्कोअरचं गणित त्यांनी मांडलंय, मी प्रत्यक्ष बंद करण्याचा क्रम सांगते. क्रम चुकला की पंधरा दिवसांचं काम तीन महिने चालतं.

सगळ्यात आधी त्या कार्डावर काय काय लटकलेलं आहे ते शोधा. मागच्या बारा महिन्यांची बिलं उतरवून घ्या (खातं बंद झाल्यावर अ‍ॅपमध्ये ती दिसेनाशी होतात, आणि पुढे वाद झाला तर हीच लागतात). त्यांत दर महिन्याला किंवा वर्षाला येणारी नावं शोधा : ओटीटी, मोबाइल, वीजबिल, फास्टॅगचा आपोआप रिचार्ज, विम्याचा हप्ता. कार्डावरच्या ई-मँडेटची (आपोआप पैसे कापायला दिलेल्या परवानग्यांची) यादी बँकेच्या संकेतस्थळावर किंवा अ‍ॅपमध्ये मिळते, तिथून एकेक रद्द करा. फक्त रद्द करून भागत नाही, त्या त्या ठिकाणी दुसरं कार्ड लावा, नाहीतर महिन्याभरात विमा थकेल. वर्षातून एकदाच येणारी नोंद हमखास सुटते, म्हणून बारा महिन्यांची बिलं. "कार्ड प्रोटेक्शन प्लॅन" नावाची सदस्यता कधी घेतली असेल तर तीही इथेच सापडेल. तिची मुदत दर वर्षी आपोआप वाढते आणि वेगळी रद्द करावी लागते. रूपे कार्ड असेल आणि यूपीआयला जोडलं असेल तर यूपीआय अ‍ॅपमधून काढून टाका.

मग पॉइंट. दुकानाच्या कार्डांत हा भाग वेगळा असतो. काही कार्डांचे पॉइंट बँकेकडे असतात, खातं बंद झालं की तेही गेले. काहींचे दुकानाच्या वॉलेटमध्ये जमा होतात, पण बिल तयार झाल्यावरच. म्हणजे बिल यायच्या आदल्या दिवशी बंद केलंत तर त्या महिन्याचे पॉइंट बुडाले. शेवटचं बिल येऊ द्या, पॉइंट जमा होऊ द्या, खर्च करा, मग पुढे. व्हाउचर घेण्यावर ९९ रुपये अधिक जीएसटी असं शुल्क असतं काही ठिकाणी, तेही बिलात येतं, हे लक्षात ठेवा.

त्यानंतर कार्ड वापरणं थांबवा आणि निदान एक बिलचक्र जाऊ द्या. शेवटच्या आठवड्यात केलेला खर्च अजून बिलात आलेला नसतो. परत केलेल्या कपड्यांचे पैसेही यायचे असतात. हे सगळं बसल्यावर कस्टमर केअरला एकच नेमका प्रश्न विचारा : "अमुक तारखेला कार्ड बंद करायचं तर एकूण किती भरायचे? ईएमआयचं मुद्दल, त्या दिवसापर्यंतचं व्याज, मुदतपूर्व फेडीचं शुल्क आणि जीएसटी सगळं धरून." तो आकडा ई-मेलवर मागा. अ‍ॅपमधली "एकूण बाकी" आणि हा आकडा बहुतेक वेळा जुळत नाही, कारण ईएमआयचं मुद्दल अ‍ॅप वेगळं दाखवतं.

रानजाई, तुम्ही बिल पूर्ण भरता म्हणून हे तुम्हाला लागू नाही, पण हा धागा इतरही वाचतील. बाकी पुढे ओढणाऱ्यांना एक छुपं व्याज लागतं. बिल तयार झालं त्या दिवसापासून तुम्ही पैसे भरले त्या दिवसापर्यंतचं व्याज पुढच्या बिलात येतं. उदाहरणार्थ २० हजार बाकी, दर महिना साडेतीन टक्के म्हणजे वर्षाला ४२, आणि बिलानंतर १८ दिवसांनी भरले. व्याज ४१४ रुपये, जीएसटी धरून ४८९. माणूस समजतो सगळं फेडलं, कार्ड कापून टाकतो, आणि हे ४८९ विलंब शुल्कासह वाढत राहतात. चांगला स्कोअर मोडतो तो असल्या पाचशे रुपयांनी.

बाकी शून्य दिसली की मगच विनंती करा. बिलाचा ऑटो-पे मात्र सगळ्यात शेवटी काढा, खातं बंद झाल्याचा संदेश आल्यावर. कस्टमर केअरचा नंबर कार्डाच्या मागचाच वापरा. नेटवर शोधून मिळालेल्या नंबरावर "कार्ड बंद करून देतो, ओटीपी सांगा" म्हणणारे भेटतात. बंद करायला कार्डाचे शेवटचे चार अंक पुरतात. पूर्ण नंबर, मागचे तीन अंक, ओटीपी फोनवर कुणालाही सांगायचे नाहीत.

पैलतीर :
न्यू जर्सीतून लिहितोय. इथे एक गोष्ट मुद्दाम सांगावीशी वाटते, कारण दुकानाचं कार्ड बंद करण्याबद्दल नेटवर जे वाचायला मिळतं त्यातलं बरंच अमेरिकेला धरून लिहिलेलं असतं आणि आपले लोक ते जसंच्या तसं सिबिलला लावतात. ३५-३०-१५-१०-१० ही जी टक्केवारी फिरते (वेळेवर भरणा, बाकी, इतिहासाची लांबी, नवी कर्जं, कर्जांचे प्रकार) ती फायकोची, म्हणजे अमेरिकेतल्या क्रेडिट स्कोअरची. तो स्कोअर ३०० ते ८५०, सिबिल ३०० ते ९००. "बंद खातं दहा वर्षं दिसतं" हेही इथलं. चांगल्या स्थितीत बंद झालेलं खातं इथे दहा वर्षांपर्यंत राहतं आणि तोवर फायको त्याचं वय धरतो.

इथल्या दुकानी कार्डांचा प्रकारही वेगळा. बरीच कार्डं फक्त त्याच दुकानात चालतात, व्हिसा किंवा मास्टरकार्डचं चिन्हच नसतं. मर्यादा छोटी, व्याज मोठं. त्यामुळे बंद केल्याने एकूण मर्यादेत फारसा फरक पडत नाही. इथली खरी मेख "बारा महिन्यांत फेडा, व्याज नाही" या योजनेत आहे. १,२०० डॉलरचा सोफा असेल तर महिन्याला १०० डॉलर भरायला हवेत. बिलातली किमान रक्कम त्याहून कमी असते, आणि तीच भरत गेलात तर मुदतीअखेर थोडी बाकी उरते. त्या बाकीवरच व्याज लागेल असं वाटतं, पण ते खरेदीच्या दिवसापासून लागतं. म्हणून कार्ड बंद करण्याआधी त्या योजनेची शेवटची तारीख बिलावर बघा. बंद केल्यानंतरही हप्ता स्वतः ठरवून भरा, किमान रकमेवर जाऊ नका.

खात्यात तुमचे पैसे जास्त जमा असतील तर लेखी मागितल्यावर सात कामकाजाच्या दिवसांत परत द्यावे लागतात. तिन्ही क्रेडिट ब्युरोंचे अहवाल दर आठवड्याला फुकट बघता येतात, बंद केल्यावर महिन्याभराने बघा.

कायमचं भारतात परतणाऱ्यांसाठी : इथला इतिहास सिबिलमध्ये येत नाही आणि तिथला इथे येत नाही. जुनं, बिनफीचं एखादं बँकेचं कार्ड ठेवा, पण दुकानांची कार्डं निघण्याआधी दोन-तीन महिने बंद करून टाका. इथला मोबाइल नंबर गेला की पडताळणीचा कोड येत नाही, आणि पुण्यात बसून वीस डॉलरच्या बाकीसाठी रात्री फोन लावत बसावं लागतं.

रानजाई :
हिशेबनीस, काटकसर, पैलतीर, मनापासून आभार. ऑक्टोबरातच करते. आकड्यांमुळे निर्णय सोपा झाला.

बँकेच्या अ‍ॅपमध्ये सगळीकडे शोधलं, बंद करण्याचा पर्याय सापडला नाही. फोन केला तर आधी फी माफ करतो म्हणाले, मग म्हणाले शाखेत लेखी अर्ज द्या, मग पोस्टाने पाठवा. एका कुर्त्याचे १,८९९ परत यायचे आहेत, ते बंद झाल्यावर आले तर? आणि याच कार्डावर सासूबाईंच्या नावाचं अ‍ॅड-ऑन कार्ड आहे, त्यांच्या सिबिलवर काही होईल का?

कोकणकडा :
रानजाई, इथे नियम पूर्ण तुमच्या बाजूने आहे, तो शब्दशः माहीत असला की फोनवरचं बोलणं लवकर संपतं. रिझर्व्ह बँकेचे क्रेडिट कार्डांबद्दलचे निर्देश २०२२ मध्ये आले, त्यात हे सगळं आहे.

बाकी फेडलेली असेल तर बंद करण्याच्या विनंतीवर सात कामकाजाच्या दिवसांत कार्ड बंद व्हायला हवं, आणि तसं झाल्याचं ई-मेल किंवा एसएमएसने लगेच कळवायला हवं. विनंती घेण्यासाठी बँकेने हेल्पलाइन, वेगळा ई-मेल, आयव्हीआर (फोनवर बटणं दाबून चालणारी यंत्रणा), संकेतस्थळावर ठळक दिसेल अशी लिंक, नेट बँकिंग, मोबाइल अ‍ॅप असे अनेक मार्ग ठेवायचे आहेत. पोस्टाने किंवा ज्याने विनंती पोचायला उशीर होईल अशा मार्गाने पाठवा, असा आग्रह धरता येत नाही. सात दिवस उलटले तर बंद होईपर्यंत दिवसाला ५०० रुपये दंड बँकेने ग्राहकाला द्यायचा, पण खात्यात काहीही बाकी नसेल तरच. म्हणून वर काटकसर यांनी सांगितलेला शून्य बाकीचा मुद्दा इतका महत्त्वाचा. एक रुपया राहिला तरी सात दिवसांचं घड्याळ सुरूच होत नाही.

फोनवर वाद घालू नका. बँकेच्या संकेतस्थळावर शोधाच्या खिडकीत "क्रेडिट कार्ड क्लोजर" टाकून लिंक काढा, तिथून विनंती करा, आणि त्याच दिवशी नोंदवलेल्या ई-मेलवरून दुसरी प्रत पाठवा. मजकूर चार ओळींचा पुरे : कार्डाचे शेवटचे चार अंक, बाकी शून्य असल्याची तारीख, प्रमुख आणि अ‍ॅड-ऑन दोन्ही कार्डं बंद करावीत, काही रक्कम जमा निघाल्यास अमुक बँक खात्यात द्यावी, आणि बंद झाल्याचं पत्र मिळावं. विनंतीचा क्रमांक जपून ठेवा. "फी माफ करतो" याला उत्तर देताना एक सावधगिरी : "बघते", "विचार करते" म्हटलंत की काही वेळा विनंतीच मागे घेतल्याची नोंद होते. "नको, बंदच करा" एवढंच.

तीस दिवसांत बँकेने उत्तर दिलं नाही, किंवा दिलेलं उत्तर पटलं नाही, तर रिझर्व्ह बँकेच्या लोकपालाकडे सीएमएस या ऑनलाइन तक्रार पोर्टलवर तक्रार करता येते. शुल्क नाही, वकील लागत नाही. माहितीसाठी १४४४८. मात्र आधी बँकेकडे लेखी तक्रार केलेली असायला हवी, फोनवर सांगितलं होतं हे तिथे चालत नाही.

कुर्त्याचे पैसे : शक्य असेल तर ते येईपर्यंत थांबा, परताव्याला फार तर आठ-दहा दिवस लागतील. आधी बंद झालं आणि नंतर आले, तर पैसे बुडत नाहीत. बंद खात्यात जमा असलेली रक्कम बँकेने तुमच्या बचत खात्यात पाठवायची असते. पण ते बंद कार्डावर आधी अडकतं, मग दुकान म्हणतं आम्ही पाठवले, बँक म्हणते आले नाहीत. तसं झालं तर दुकानाकडून परताव्याचा एआरएन क्रमांक मागा, त्यावरून बँकेला रक्कम शोधता येते.

सासूबाईंचं काही बिघडत नाही. अ‍ॅड-ऑन कार्डाची जबाबदारी प्रमुख कार्डधारकाची, बाकी तुमच्याच नावावर असते. प्रमुख कार्ड गेलं की तेही जातं. फक्त त्यांच्या औषधांच्या अ‍ॅपमध्ये वगैरे ते कार्ड लावलेलं असेल तर त्यांना आधी सांगा.

"मग वापरणंच सोडून दिलं तर आपोआप बंद होईल ना" असंही कुणी विचारतं. वर्षभर वापर नसेल तर बँक कळवून बंद करण्याची प्रक्रिया सुरू करू शकते, तीस दिवसांत उत्तर नसेल तर बंद होतं. पण तोवर फी लागायची ती लागतेच. उलट जे कार्ड जुनं म्हणून राखायचंय, ते मात्र याच नियमामुळे दोन-तीन महिन्यांतून एकदा दोनशे रुपयांना का होईना वापरत राहा.

हिशेबनीस :
कोकणकडा यांच्या पोस्टला पुरवणी. बंद झाल्याचा संदेश आला म्हणजे निम्मं काम झालं. उरलेलं निम्मं अहवालात बघायचं असतं, आणि तुम्हाला मार्चआधी तेवढा वेळ मिळावा म्हणूनच ऑक्टोबर.

तीस-पस्तीस दिवसांनी अहवाल काढा. ट्रान्सयुनियन सिबिल, एक्स्पीरियन, इक्विफॅक्स आणि क्रिफ हाय मार्क, चारही कंपन्यांना वर्षातून एकदा पूर्ण अहवाल स्कोअरसह फुकट द्यावा लागतो. चारही काढा. बँकेने सिबिलला कळवलं आणि दुसरीकडे नोंद जुनीच राहिली, असं होतं, आणि गृहकर्ज देणारी बँक कुठला अहवाल बघेल हे आपल्या हातात नाही.

दुकानाच्या कार्डाच्या खात्यात इतकं तपासा : बंद झाल्याची तारीख भरलेली आहे, चालू बाकी शून्य, थकीत रक्कम शून्य. खाली महिन्यांची चौकट असते, त्यात प्रत्येक महिन्यात "०००" किंवा "एसटीडी" हवं. तीन फुल्या दिसल्या तर त्या महिन्याची माहिती बँकेने पाठवलेली नाही, घाबरण्याचं कारण नाही. "०३०" किंवा तसा आकडा असेल तर तितके दिवस थकलं असं नोंदलं गेलंय, ते लगेच तपासायचं.

आणि खात्यापुढे "सेटल्ड" हा शब्द नको. थकबाकी असलेल्यांना कधी कधी फोन येतो, "१८ हजार बाकी आहे, १० हजार भरा, खातं बंद करून टाकतो." ऐकायला सवलत वाटते. ते तडजोडीने मिटवणं असतं आणि अहवालात तसंच नोंदलं जातं. गृहकर्ज देणाऱ्याला त्यातून एवढंच दिसतं की या माणसाने बँकेचे पैसे पूर्ण फेडले नाहीत. पूर्ण भरून "बंद" म्हणून घ्यायचं, ८ हजार वाचवायचे नाहीत. ज्यांच्याकडे आधीच अशी नोंद आहे त्यांनी बँकेला लेखी विचारावं की उरलेली रक्कम भरली तर नोंद "बंद" करून देणार का, हो असं लेखी आल्यावरच पैसे भरावेत, आणि थकबाकी नसल्याचं पत्र घ्यावं.

नोंद चुकीची असेल तर त्या कंपनीच्या संकेतस्थळावर वाद नोंदवता येतो, फुकट. बँकेला त्यातले २१ दिवस मिळतात, एकूण मुदत ३० दिवसांची. त्यापुढे गेलं तर दिवसाला १०० रुपये भरपाई तक्रारदाराला द्यायची, असा रिझर्व्ह बँकेचा ऑक्टोबर २०२३ चा आदेश आहे. बंद झाल्याचं पत्र आणि शेवटचं शून्य बाकीचं बिल जोडलंत की बहुतेक वेळा मुदतीच्या आत दुरुस्त होतं.

रानजाई :
हे सगळं लिहून घेतलं. आज ई-मँडेटची यादी काढली, त्यात मासिकाची एक वर्षाची वर्गणी सापडली, डिसेंबरात जाणार होती. शेवटचं एकच : उरलेल्या एक लाखाच्या कार्डाची मर्यादा वाढवून घ्यावी का?

हिशेबनीस :
अ‍ॅपमध्ये बँकेने स्वतःहून वाढ देऊ केली असेल तर घ्या, बहुधा त्यासाठी नवी चौकशी (बँकेने तुमचा अहवाल मागवल्याची नोंद) नोंदली जात नाही. दोन लाख झाली तर एकूण साडेतीन लाख, म्हणजे ६० हजारांवर १७ टक्के. स्वीकारण्याआधी "यासाठी क्रेडिट अहवाल काढला जाईल" अशी ओळ आहे का तेवढं वाचा. देऊ केलेली नसेल तर पगारपत्रकं देऊन अर्ज करू नका. त्यासाठी झालेली चौकशी गृहकर्जाआधी अहवालात उगाच दिसेल, आणि २४ टक्क्यांवर तुमचं काही अडत नाही. वाढ घेतलीच तर तीही ऑक्टोबरातच, जानेवारीनंतर नाही.